बेसबॉलची विनिंग पर्सेंटेज: भागाकार सोपा, छेद अवघड

बेसबॉलच्या तक्त्यात गुण नसतात. क्रिकेटच्या पॉइंट्स टेबलची सवय असलेला माणूस हा तक्ता पहिल्यांदा उघडतो, तेव्हा गुणांचा रकाना शोधत बसतो. तिथे असतात विजय, पराभव आणि त्यांच्या शेजारी .५८६ असा टिंबाने सुरू होणारा एक आकडा. संघ वर की खाली हे ठरतं ते या आकड्यावर. त्याला विनिंग पर्सेंटेज म्हणतात.

हिशेब एका ओळीचा आहे: जिंकलेल्या सामन्यांना, जिंकलेले अधिक हरलेले या बेरजेने भागायचं. समजा एका संघाने ९५ सामने जिंकले आणि ६७ हरले. बेरीज १६२. ९५ भागिले १६२ म्हणजे ०.५८६४१९ आणि पुढे बरंच काही. दशांश चिन्हानंतरचे तीन अंक ठेवायचे. चौथा अंक पाच किंवा जास्त असेल तर तिसरा एकाने वाढवायचा, नाहीतर तसाच सोडायचा. इथे चौथा अंक ४ आहे, म्हणून उत्तर .५८६.

नावात पर्सेंटेज असलं तरी उत्तराला शंभराने गुणत नाहीत. तक्त्यात सुरुवातीचं शून्यसुद्धा लिहीत नाहीत, आणि अमेरिकी समालोचक हा आकडा ‘फाइव्ह एटी-सिक्स’ असा वाचतात, जणू हजारात ५८६. आपल्या नेहमीच्या भाषेत हे ५८.६ टक्के झाले. जितके विजय तितकेच पराभव असतील तर .५००, आणि ‘फाइव्ह हंड्रेड’च्या वर की खाली, ही कुठल्याही संघाबद्दलची पहिली चौकशी असते. एकही सामना न हरलेल्या संघाचा आकडा १.००० असा लिहितात. तो मोसमाच्या पहिल्या आठवड्यानंतर सहसा दिसत नाही.

तीनच अंक का, याला कारण आहे. मेजर लीगच्या, म्हणजे उत्तर अमेरिकेतल्या सर्वात वरच्या बेसबॉल लीगच्या, मोसमात प्रत्येक संघ १६२ सामने खेळतो, म्हणजे एका विजयाची किंमत साधारण .००६. दोनच अंक ठेवले तर ९५ विजयांचा संघही .५९ आणि ९६ विजयांचाही .५९. तिसरा अंक आला की .५८६ आणि .५९३ असे ते वेगळे होतात. हातातलं कोष्टक मोठं असेल तर मात्र मधल्या पायऱ्यांवर आकडा कापू नका. पूर्ण दशांश तसाच ठेवा आणि फक्त शेवटी दाखवताना तीन अंक दाखवा.

संगणकावर एक्सेल किंवा तत्सम कोष्टकात हे करताना तीन ठिकाणी हमखास घोळ होतो. पहिला कंसाचा. सूत्रात विजय भागिले विजय अधिक पराभव असं सलग लिहिलं, बेरजेला कंस घातला नाही, तर संगणक आधी भागाकार करतो. ९५ भागिले ९५ म्हणजे १, त्यात ६७ मिळवले की उत्तर ६८. दुसरा घोळ मोसम सुरू व्हायच्या आधीचा: शून्य विजय, शून्य पराभव, छेद शून्य, आणि अख्खा रकाना चुकीच्या खुणांनी भरून जातो. बेरीज शून्य असेल तर घर रिकामं ठेव, अशी अट सूत्रात आधीच घालून ठेवावी. तिसरा सगळ्यात चीड आणणारा: एकाच घरात ९-७ असं टाइप केलं की प्रोग्राम त्याची तारीख करून टाकतो. विजय आणि पराभव कायम दोन वेगळ्या रकान्यांत भरा.

एवढं जमलं की बेरीज-भागाकार संपला. खरा प्रश्न छेदात काय धरायचं हा आहे. बेसबॉलमध्ये या आकड्यावरून जेवढे वाद झाले, त्यातले बरेचसे अंशावरून नसून छेदावरून आहेत.

विक्रमांचंच घ्या. १९०६ मध्ये शिकागो कब्जने ११६ सामने जिंकले. २००१ मध्ये सिएटल मरीनर्सनेही बरोबर ११६ जिंकले. विजयांच्या संख्येत दोघे सारखे. पण कब्ज हरले ३६ आणि मरीनर्स ४६. तेव्हाचा मोसम लहान होता. ११६ भागिले १५२ म्हणजे .७६३, आणि ११६ भागिले १६२ म्हणजे .७१६. टक्केवारीच्या यादीत कब्ज स्पष्टपणे पुढे जातात.

खालच्या टोकालाही हेच. २०२४ मध्ये शिकागो व्हाइट सॉक्सने १२१ सामने हरून १९०० नंतरच्या काळात एका मोसमातल्या सर्वाधिक पराभवांचा विक्रम केला. त्याआधी तो मान न्यूयॉर्क मेट्सच्या १९६२ च्या संघाकडे होता, १२० पराभवांसह. पण मेट्सचे निकाली सामने होते १६०: ४० विजय, १२० पराभव, बरोबर .२५०. व्हाइट सॉक्सचे ४१ विजय १६२ मध्ये, म्हणजे .२५३. पराभव मोजाल तर व्हाइट सॉक्स जास्त वाईट, टक्केवारी मोजाल तर मेट्स. दोघांनाही मागे टाकणारा संघ त्याहून जुना आहे: क्लीव्हलँड स्पायडर्स, १८९९, २० विजय आणि १३४ पराभव, .१३०. तिथे वादाला जागाच नाही.

आकड्याचा अंदाज बांधायला काही खुणा लक्षात ठेवलेल्या बऱ्या. १६२ सामन्यांत ८१ विजय म्हणजे .५००, ९० म्हणजे .५५६, १०० म्हणजे .६१७. बेसबॉलमध्ये एक जुनं बोलणं आहे की प्रत्येक संघ ५४ सामने जिंकणारच आणि ५४ हरणारच, प्रश्न उरलेल्या ५४ चा. टक्केवारीत मांडलं तर हा .३३३ ते .६६७ असा पट्टा होतो, आणि बहुतेक मोसमांत बहुतेक संघ खरोखर त्याच्या आतच बसतात. दुसऱ्या खेळांवरून आलेल्या वाचकाला .६०० हा आकडा साधा वाटतो. इथे तो फार चांगल्या संघाचा असतो.

आता बरोबरी. मेजर लीगमध्ये सामना अनिर्णित राहणं जवळपास संपलेलंच आहे. निकाल लागेपर्यंत नेहमीच्या नऊ डावांपुढे डाव वाढत राहतात किंवा सामना थांबवून पुढे पूर्ण करतात. तरी सप्टेंबर २०१६ मध्ये कब्ज आणि पिट्सबर्ग पायरेट्स यांचा एक सामना पावसामुळे १-१ वरच थांबला, आणि मोसम संपत आल्याने पुन्हा खेळलाच गेला नाही. त्या वर्षी कब्जचे १०३ विजय, ५८ पराभव आणि १ बरोबरी. टक्केवारी काढताना ती बरोबरी बाजूला ठेवतात: १०३ भागिले १६१, म्हणजे .६४०. ना अर्धा विजय, ना अर्धा पराभव. तो सामना छेदात नाहीच.

अमेरिकेत याने काही बिघडत नाही. जपानमध्ये बिघडतं. तिथे बारा डावांनंतरही धावा सारख्या असतील तर सामना अनिर्णित जाहीर होतो. २०२१ मध्ये कोरोनामुळे नवव्या डावानंतर पुढे खेळायचंच नाही असं ठरलं आणि बरोबऱ्यांचा पाऊस पडला. तिथल्या दोन मुख्य लीगपैकी एक असलेल्या सेंट्रल लीगचा शेवट असा झाला:

याकुल्ट स्वॅलोज: ७३ विजय, ५२ पराभव, १८ बरोबरी
हानशिन टायगर्स: ७७ विजय, ५६ पराभव, १० बरोबरी

हानशिनचे विजय चार जास्त, आणि तरी विजेतेपद याकुल्टला मिळालं. ७३ भागिले १२५ म्हणजे .५८४. ७७ भागिले १३३ म्हणजे .५७९. दोघांनीही १४३ सामने खेळले होते, पण बरोबऱ्या वगळल्यावर छेद वेगवेगळे झाले. हानशिनच्या जास्तीच्या आठ निकाली सामन्यांत चार विजय आणि चार पराभव होते, म्हणजे .५००. जो संघ आधीच .५८४ वर आहे, त्याच्या खात्यात .५०० च्या दराने आणखी सामने टाकले तर सरासरी खालीच येणार. अशा पद्धतीत .५०० च्या वरच्या संघाला बरोबरी फायद्याची असते, कारण ती पराभव होऊ देत नाही आणि टक्केवारीला धक्काही लावत नाही.

दक्षिण कोरियाने २००९ मध्ये नेमका उलटा प्रयोग केला. बरोबरी छेदात धरायची, अंशात नाही, म्हणजे व्यवहारात पराभवच समजायचा. त्या मोसमात किया टायगर्सचे ८१ विजय, ४८ पराभव आणि ४ बरोबऱ्या झाल्या. एसके वायव्हर्न्सचे ८० विजय, ४७ पराभव, ६ बरोबऱ्या. दोघांचे एकूण सामने १३३. नव्या नियमाने कियाचे .६०९ आणि एसकेचे .६०२, पहिला क्रमांक कियाचा. बरोबऱ्या वगळून मोजा: किया ८१ भागिले १२९, .६२८, एसके ८० भागिले १२७, .६३०. क्रम पालटतो. मैदानावर एक चेंडूही वेगळा पडलेला नाही, फक्त छेदाची व्याख्या बदलली. कोरियाने पुढे हा नियम सोडून दिला. माझ्या मते ते बरं झालं, कारण बारा डाव झुंजून सुटलेल्या सामन्याला दोन्ही संघांचा पराभव म्हणणं पटण्यासारखं नाही. कुठल्याही लीगचा तक्ता स्वतः करायला बसाल तर बरोबरीचा नियम आधी वाचा, सूत्र नंतर लिहा.

छेद वेगळे होण्याचं दुसरं कारण जास्त रोजचं आहे. पाऊस, प्रवास, सुट्टीचे दिवस यामुळे मोसमाच्या मध्ये सगळ्या संघांचे सामने सारखे झालेले नसतात. म्हणून टक्केवारीशेजारी गेम्स बिहाइंड नावाचा रकाना असतो: आघाडीच्या संघापेक्षा आपण किती सामने मागे. तो असा काढतात. आघाडीच्या संघाच्या विजयांतून आपले विजय वजा करा. आपल्या पराभवांतून त्यांचे पराभव वजा करा. दोन्ही उत्तरांची बेरीज करून दोनने भागा. आघाडीवर ५८ विजय, ४० पराभव. आपण ५५ विजय, ४४ पराभव. तीन अधिक चार सात, भागिले दोन, साडेतीन सामने मागे. दोनने भागायचं कारण असं की समोरासमोरच्या एका सामन्यात आपला विजय एकाने वाढतो आणि त्याच वेळी त्यांचा पराभव एकाने वाढतो, म्हणजे एका सामन्यात अंतर दोन पावलांनी कमी होतं. अर्धा सामना ही चीज मैदानावर नसते. ती दिसली की समजावं, दोघांचे निकाली सामने सारखे नाहीत.

टक्केवारी आणि गेम्स बिहाइंड यांचं कधीकधी आपसात जमत नाही. मोसमाच्या सुरुवातीला एका संघाचे ३ विजय आणि १ पराभव, .७५०, दुसऱ्याचे १० आणि ४, .७१४. टक्केवारीने पहिला वर. पण सामन्यांच्या हिशेबात दुसरा संघ दोन सामने पुढे आहे, आणि तक्त्यात दुसऱ्या क्रमांकासमोर उणे दोन असा चमत्कारिक आकडा येतो. चूक कुणाचीच नाही. एक आकडा दर सांगतो, दुसरा साठा. क्रम लावताना टक्केवारीच मानतात, आणि दोघांचे निकाली सामने सारखे झाले की हा विसंवाद आपोआप मिटतो. वर सांगितलेल्या २०२१ च्या सेंट्रल लीगमध्ये तो मिटला नाही. सूत्रात आकडे घालून पाहा, हानशिन शेवटी शून्य सामने मागे राहून दुसरे आले.

सामने सारखे झालेच नाहीत तर काय होतं, ते १९७२ मध्ये दिसलं. खेळाडूंच्या संपामुळे मोसम उशिरा सुरू झाला आणि रद्द झालेले सामने पुन्हा घ्यायचे नाहीत असं ठरलं. डेट्रॉइट टायगर्स १५६ सामने खेळले, बोस्टन रेड सॉक्स १५५. डेट्रॉइटचे ८६ विजय आणि ७० पराभव, .५५१. बोस्टनचे ८५ आणि ७०, .५४८. पराभव सारखे, एक न खेळलेला सामना आणि बोस्टनचं हुकलेलं गटविजेतेपद. १९८१ च्या संपात आणखी गंमत झाली. मोसमाचे दोन अर्धे करून प्रत्येक अर्ध्याच्या विजेत्याला पुढे पाठवायचं ठरलं. सिनसिनाटी रेड्स दोन्ही अर्ध्यांत थोडक्यात दुसरे आले. अख्ख्या वर्षाचे त्यांचे ६६ विजय, ४२ पराभव, .६११, साऱ्या मेजर लीगमध्ये सर्वात वर. प्लेऑफमध्ये ते नव्हतेच.

तुकड्यांवरून पूर्णाचा अंदाज करताना आणखी एक चूक होते, आणि ती हुशार माणसंही करतात: टक्केवारींची सरासरी काढणं. घरच्या मैदानावर ४ विजय, १ पराभव, .८००. बाहेर १० विजय, १५ पराभव, .४००. दोन्हींची सरासरी .६०० येते आणि संघ झकास वाटतो. प्रत्यक्षात ३० पैकी १४ जिंकलेत, .४६७. महिन्यांची, मोसमांची, कुठलीही टक्केवारी एकत्र करायची असेल तर आधी विजय-पराभव एकत्र करा, भागाकार एकदाच करा.

पुढचा हिशेबही याच भागाकाराने होतो. १०० सामन्यांनंतर ५२ विजय, ४८ पराभव, आणि लक्ष्य ९० विजय. उरले ६२ सामने, हवेत ३८ विजय. ३८ भागिले ६२, .६१३. आतापर्यंत .५२० ने खेळणाऱ्या संघाला उरलेला मोसम जवळपास शंभर विजयांच्या चालीने खेळावा लागेल. प्रत्येक विजयाने आकडा किती हलतो, हेही मोसमासोबत बदलतं. ६-४ वरून ७-४ झालं की .६०० चं .६३६ होतं. ९०-६० वरून ९१-६० झालं की .६०० चं फक्त .६०३. एप्रिलमधल्या तक्त्यावरून भविष्य सांगणारे बहुधा हेच विसरतात.

आणि पूर्ण १६२ सामन्यांतही नशिबाचा वाटा उरतोच. प्रत्येक सामना जिंकायची शक्यता नेमकी निम्मी असलेला संघ घेतला, तर गणिताने त्याचे विजय ८१ च्या आसपास साधारण सहाने इकडेतिकडे होतात. म्हणजे दर तीन मोसमांतल्या दोनदा तो ७५ ते ८७ च्या दरम्यान राहील, आणि तिसऱ्यांदा त्याच्याही बाहेर. ८७ विजयांचा संघ ८१ च्या संघापेक्षा चांगला आहे, असं एका मोसमावरून छातीठोक म्हणता येत नाही.

ही कसर काढायला धावांचा आधार घेतात. बिल जेम्स या अमेरिकी बेसबॉल अभ्यासकाने एक सूत्र मांडलं: केलेल्या धावांचा वर्ग, भागिले केलेल्या धावांचा वर्ग अधिक दिलेल्या धावांचा वर्ग. पायथागोरसच्या प्रमेयासारखं दिसतं म्हणून त्याला पायथागोरियन अपेक्षा म्हणतात. भूमितीशी संबंध एवढाच. १-० ने जिंकलं काय नि १२-० ने जिंकलं काय, विनिंग पर्सेंटेजला फरक पडत नाही. या सूत्राला पडतो.

बॉल्टिमोर ओरिओल्सचा २०१२ चा मोसम यासाठी उत्तम. ७१२ धावा केल्या, ७०५ दिल्या. ७१२ चा वर्ग ५,०६,९४४. ७०५ चा वर्ग ४,९७,०२५. बेरीज १०,०३,९६९. भागाकार .५०५, त्याला १६२ ने गुणलं तर सुमारे ८२ विजय. प्रत्यक्षात ते ९३ जिंकले, .५७४. अकरा जास्तीचे विजय आले कुठून? एका धावेच्या फरकाने सुटलेल्या सामन्यांतून. तिथे त्यांचे २९ विजय आणि ९ पराभव होते. हा भागाकार .७६३ येतो, बरोबर १९०६ च्या कब्जइतका. चांगला शेवटचा गोलंदाज, म्हणजे क्लोझर, असेल तर असे सामने थोडे जास्त जिंकता येतात, पण इतके नाही. पुढच्या मोसमात ओरिओल्स ८५ वर आले.

सूत्रातल्या घाताबद्दल: दोनऐवजी १.८३ घेतला तर प्रत्यक्ष निकालांशी जरा जास्त जुळतं, आणि आकडेवारीच्या संकेतस्थळांवर बरेचदा तोच वापरलेला असतो. तुमचं उत्तर त्यांच्याशी एखाद-दोन विजयांनी जुळलं नाही, तर आधी घात तपासा. वर्ग काढायचाही कंटाळा असेल तर सोपा ठोकताळा असा: मोसमभरात केलेल्या आणि दिलेल्या धावांतला फरक दहाने भागा आणि ८१ मध्ये मिळवा. ओरिओल्सचा फरक होता अधिक ७, म्हणजे जेमतेम पाऊण विजय, आणि उत्तर पुन्हा तेच, ८२ च्या आसपास.